बोउटूचं एकच मागणं

भांडण झालं ते भर दुपारी, आणि तेही एका चटईच्या आडोशाला. घर असं तेव्हा नव्हतंच. चार खांब, वर माडाच्या झावळ्या आणि मध्ये केवड्याच्या पातींची एक चटई टांगलेली. चटईच्या अलीकडे आठ वर्षांची बोउटू झोपेचं सोंग घेऊन पडली होती, पलीकडे तिचे आईबाप. गिझो बेटावर बोटीतून उतरून त्यांना जेमतेम अकरा दिवस झाले होते.

"डोंगरावर घर? मी मेल्यावर बांधा," आई मारेवेया म्हणाली.

"अगं हळू. पोरगी निजलीय."

"निजू दे. मी जन्मले ओनोतोआवर. तिथे माणसांना जमीन पुरेना, म्हणून सरकारने उचलून मानरावर नेऊन टाकलं. मानराच्या विहिरी खारट झाल्या, म्हणून तिथून उचलून इथे. हे माझं तिसरं बेट. तिन्ही ठिकाणी माझ्या सोबतीला एकच गोष्ट आली, ती म्हणजे समुद्राची गाज. ती ऐकू आली नाही तर मला झोप लागत नाही. आणि तुम्ही म्हणता वर त्या काळोख्या झाडीत जाऊन राहू?"

"झोंगा म्हातारा म्हणतो..."

"कोण, तो लाल तोंडाचा? दिवसभर सुपारी-चुना चघळतो नि पचापचा थुंकतो तो?"

"त्यांची बेटं आहेत गं ही. त्याला ठाऊक असणार. तो म्हणतो, इथे जमीन हलते. हलली की समुद्राकडे बघायचं. समुद्र मागे गेला तर बघत उभं राहायचं नाही, डोंगरावर पळायचं. त्याच्या आज्याने त्याला सांगून ठेवलंय."

"समुद्र मागे जातो त्याला ओहोटी म्हणतात. दिवसातून दोनदा येते. ओहोटीला पळत सुटलो तर खाणार काय? म्हाताऱ्याला किनाऱ्याची जागा स्वतःला हवीय, दुसरं काही नाही."

बाप काहीतरी बोलणार होता. तेवढ्यात मारेवेया म्हणाली, "बुबुसी. घर खाली बांधा."

आमच्या लोकांत बुबुसी म्हणून चाल आहे. आपल्या माणसाने हा शब्द उच्चारून काही मागितलं, मग ती होडी असो, डुक्कर असो, नाहीतर अंगावरचा सदरा, तर नाही म्हणता येत नाही. नाही म्हणणारा मरत नाही, पण सभेच्या घरात पुन्हा मान वर करून बसत नाही. म्हणून शहाणी माणसं हा शब्द जपून वापरतात, आणि आळशी माणसं रोज. पण बायकोने नवऱ्यापाशी, घरातल्या घरात बुबुसी करायची, हे कुणी ऐकलं नव्हतं.

 चटईपलीकडे बापाने हातातला कोयता जमिनीवर ठेवल्याचा आवाज आला. "दिलं," तो म्हणाला. दाढ उपटून घेतल्यावर माणूस बोलतो तसं.

त्या दुपारी बोउटूच्या मनात दोन भित्या एकदम शिरल्या. एक डोंगराची, आईने तिथे काहीतरी काळोखं आहे म्हणून सांगितलं होतं ना. आणि दुसरी त्या शब्दाची. एवढा मोठा आपला बाप, शार्क मासा हाताने ओढून काढणारा, तो एका शब्दाने खाली बसला. असला शब्द आपल्या तोंडून कधी निघू नये असं तिला वाटलं. झोंगाचं बोलणंही तिने ऐकलं होतं, पण ते भांडणाच्या तळाशी जाऊन बसलं आणि वर बाकीचा गाळ साठला.

घर किनाऱ्यावर झालं. वरच्या जमिनीत बापाने रताळी लावली.

आता मानरासारख्या बेटावर वाढलेल्या पोरीला भीती कशाकशाची वाटावी? तिथे सगळ्यात उंच म्हणजे माड. पायाखाली पांढरी रेती, एका बाजूला समुद्र, दुसऱ्या बाजूलाही समुद्रच, मधोमध माणूस. सगळं दिसतं. इथे मागे हिरवागार डोंगर, त्यात काय आहे ते दिसतच नाही. पहिल्या पावसात डबक्यांत बेडूक ओरडायला लागले, तर बोउटूला वाटलं बुडून मेलेली माणसं हाका मारताहेत. तिने बेडूक कधी पाहिलाच नव्हता. मग एक मोठं झाड कडकडून पडलं, तर तिला झाडांचीही भीती बसली. मग मगरीची. मग ढगांच्या गडगडाटाची. भित्यापाठी ब्रह्मराक्षस म्हणतात तो असाच. एकीला घालवायला जावं तर दोन येतात.

फक्त समुद्राची भीती तिला नव्हती. गळ्यापर्यंत पाण्यात उभी राहिली की तिचा जीव थाऱ्यावर यायचा. वस्तीतल्या बायका म्हणायच्या, "बोउटू जमिनीवर ससा आहे नि पाण्यात देवमासा."

लग्न झालं, मुलं झाली, भीती काही गेली नाही. वरच्या मळ्यात जायचं तर नवरा काबुता पुढे आणि ही त्याच्या पाठीला धरून. एकटी ती कधीच गेली नाही. एकदा सकाळी धुणं धुताना तिने अशी काही किंकाळी फोडली की बायका धुणी टाकून, उघड्या डोक्याने वर पळाल्या. "मगर! मगर!" तिचा धाकटा दीर मोआनेया भाला घेऊन गेला, आणि खांद्यावर एक ओंडका टाकून परत आला. तो त्याने बोउटूच्या अंगणात आणून ठेवला.

"घ्या वहिनी, तुमची मगर. शांत आहे बिचारी. बसायला घ्या."

दीर-वहिनीत आमच्याकडे थट्टा चालायचीच, उलट न केली तर लोकांना वाटतं बिनसलंय. पण मोआनेयाने ही थट्टा तीस वर्षं पुरवून वापरली. पाहुणा आला की म्हणायचा, "या, मगरीवर बसा." आणि बोउटू हसायची. हसून भीती कमी होते असं लोक म्हणतात, तिची काही झाली नाही.

शेजारी माकेरेता राहायची. ती दुसऱ्या बेटावरच्या कुळातली, नात्याची नव्हे; पण दोघींच्या चुलींमध्ये दहा पावलांचं अंतर, तेव्हा नात्यापेक्षा जास्तच. माकेरेता तोंडाची फाटकी आणि हाताची सढळ. मागायला लाजायची नाही. मुलीच्या लग्नाला तिने बोउटूचं लोखंडी पातेलं बुबुसी म्हणून मागून नेलं. बिडाचं, जाड बुडाचं. काबुताने ते राजधानी होनियाराहून बोटीने, आणि धक्क्यापासून डोक्यावर वाहून आणलं होतं. बोउटूने दिलं, आणि आठ दिवस ती पत्र्याच्या डब्यात भाजी शिजवत आतल्या आत धुमसत राहिली.

माकेरेताला ते कळत होतं. ती म्हणायची, "अगं, मग तू माग ना माझ्याकडून काही. कोंबडी माग. माझी ती नवी चटई माग. तुझं पातेलं तुझ्यासाठीच परत माग!"

"नको गं. राहू दे तुला."

"बघा. देवमाणूस. मला मेलीला लाजवायला जन्माला आलीय."

बोउटूने मागितलं नाही. माकेरेताकडेच काय, कुणाकडेच नाही. पन्नास वर्षांत तिच्या तोंडून तो शब्द निघाला नव्हता. लोकांना वाटायचं, स्वभावाने गरीब आहे. खरं म्हणजे तिला भीती वाटायची. आणि पातेल्याच्या बाबतीत थोडा हट्टही होता. न मागून माकेरेताला खाली मान घालायला लावायची, यात तिला गोडी लागली होती. गरीब स्वभावाच्या माणसांच्या पोटातही एखादा काटा असतो.

काबुता गेला. मुलगी होनियाराला नोकरीला लागली आणि सहा वर्षांच्या रुताला आजीपाशी ठेवून गेली. जाताना म्हणाली, "आई, तिला तुझ्यासारखी भित्री करू नकोस हं." बोउटूने मनावर घेतलं. रुता कशालाच भीत नसे. त्यामुळे बोउटूला दोघींच्या वाटणीचं भ्यावं लागे.

सन दोन हजार सात, एप्रिल महिना, सोमवार. आदल्या दिवशी आम्हा ख्रिस्ती लोकांचा झावळ्यांचा रविवार झाला होता, देवळाच्या दाराला बांधलेल्या झावळ्या अजून हिरव्या होत्या. बोउटू रुताची वेणी घालत होती. एक घालून झाली, दुसरीचे केस हातात. चहा ओतून ठेवला होता.

जमीन हलली.

हलली म्हणजे थोडीथोडकी नव्हे. उभं राहता येईना. माडांवरून शहाळी धपाधप पडली, विहिरीतलं पाणी काठावरून उसळून बाहेर आलं, देवळाची घंटा आपली आपणच वाजली. बोउटूने रुताला पोटाशी घेतलं आणि डोळे मिटले. थांबेल असं वाटेचना. मग थांबलं.

सगळी वस्ती बाहेर. कोणी रडतंय, कोणी हसतंय, पोरांना तर मजाच. मोआनेया लंगडत आला, त्याच्या पायावर शहाळं पडलं होतं. "वहिनी, जिवंत आहात का? तुमच्या मगरीने शेपूट हलवलं वाटतं." सगळे हसले. भीती ओसरली की माणूस कशालाही हसतो.

तेवढ्यात कोणी तरी ओरडलं, "अरे, समुद्र बघा!"

समुद्र निघाला होता. ओहोटी जाते तसा नाही, कोणी पांघरूण ओढून घ्यावं तसा. कधी न दिसलेले खडक उघडे पडले, लाल, जांभळे, पाणी निथळत असलेले. खळग्याखळग्यात मासे तडफडत होते. रुपेरी नुसते.

आता दुसरं कोणी असतं तर काय करतं ते माहीत नाही. आमच्या लोकांच्या रक्तात एकच गोष्ट आहे. खडक उघडा पडला की टोपली घ्यायची आणि धावायचं. कोरड्या बेटांवर त्यावरच तर पिढ्या जगल्या. पोरं आधी गेली, त्यांच्यामागे बायका, त्यांच्यामागे पुरुष. रुता शाळेच्या गणवेशात, एक वेणी घातलेली नि एक मोकळी, अशी बोउटूच्या हातातून निसटली आणि पळाली.

आणि बोउटूही गेली. खोटं कशाला सांगा. तिनेही टोपली घेतली. सकाळभरात पहिल्यांदाच तिला बरं वाटत होतं. हलणारी ती जमीन, समुद्र तर आपला. तिने दोन मासे टोपलीत टाकले, तिसऱ्यासाठी वाकली, आणि तशीच वाकलेली राहिली.

ऐकू काहीच येत नव्हतं.

माणसांचे आवाज होते, पोरांच्या आरोळ्या होत्या. पण त्यांच्या मागे जे कायम असतं, जन्मल्यापासून दिवसरात्र असतं, ते नव्हतं. गाज थांबली होती. तिला आईचा आवाज आला, चटईपलीकडून: 'ती ऐकू आली नाही तर मला झोप लागत नाही.' आणि त्याच्यामागून, पन्नास वर्षांचा गाळ बाजूला सारत, बापाचा: 'समुद्र मागे गेला तर बघत उभं राहायचं नाही.'

 रुता खूप पुढे होती, मोआनेयाच्या नातवंडांबरोबर, ओच्यात मासे भरत.

"वर चला!" ती ओरडली. "सगळे वर चला! समुद्र परत येणार!"

"येणारच की," कोणी तरी म्हणालं. "गेला तो येतोच. तोवर उरकायचं."

"भावोजी, ऐका माझं! डोंगरावर चला!"

मोआनेयाने दोन्ही हातांत एकेक मासा धरून मान वळवली. "काय वहिनी, मगर दिसली का?"

सगळा खडक हसला. रुतासुद्धा हसली. त्यांचं तरी काय चुकलं? जी बाई तीस वर्षं ओंडक्याला भीत आली, तिच्या ओरडण्याला कोण किंमत देणार? बोउटूलाही ते कळत होतं. एकेकाला हाताला धरून ओढायला वेळ नव्हता. रुताला एकटीला उचलून पळावं, तर तिच्यापर्यंत पोचेस्तोवर काय होईल कोण जाणे. आणि डोंगर! मागे वळून तिने डोंगराकडे पाहिलं. तो तसाच काळोखा, झाडं अजून हलत असलेली. त्याच्यात एकटीने शिरायचं.

 मग तिच्या तोंडून तो शब्द निघाला.

"बुबुसी."

फार मोठ्याने नव्हता, पण त्या शांततेत सगळीकडे गेला. मोआनेयाच्या हातातला एक मासा खाली पडला.

"काय म्हणालात?"

"बुबुसी, भावोजी. मला डोंगरावर पोचवा. तुम्ही, तुमची मुलं, सुना, नातवंडं, आपल्या कुळातला एकूण एक माणूस. आत्ताच्या आत्ता. मला एकटीला जायला भीती वाटते."

"अहो पण आत्ता? हे मासे..."

"आत्ता."

मोआनेयाने इकडे तिकडे पाहिलं. सगळी वस्ती ऐकत होती. थोरल्या भावाच्या विधवेने, जिने उभ्या जन्मात कुणाकडे मिठाचा खडा मागितला नाही तिने, चारचौघांत मागितलं होतं. त्याच्या कपाळावर आठी पडली. पण चाल ती चाल.

"दिलं," तो म्हणाला. आणि मुलांवर खेकसला, "ऐकलं ना? चला! पोरांना घ्या! टोपल्या राहू द्या!"

"जन्मात एकदा मागितलं, तेही आजच," त्याची धाकटी सून पुटपुटली आणि पोराला काखेत मारून निघाली.

रुता येईना. "आजी, अजून एकच!" मोआनेयाच्या मुलाने तिला माशांसकट खांद्यावर टाकलं.

माकेरेता बोउटूपासून वीस पावलांवर होती. एक थोरला शिंपला खडकात रुतून बसला होता आणि ती गुडघ्यांवर बसून सुरीने तो सोडवत होती.

"माकेरेता, तूही चल गं!"

"आले, आले. हा एवढा सुटू दे. तू हो पुढे." आणि मान वर न करताच हसून, "घाबरट मेली. माझ्या शिंपल्यावर डोळा ठेवू नकोस."

शब्द बोउटूच्या जिभेवर आला होता. नात्याची नसली म्हणून काय झालं, माकेरेतानेच शंभरदा सांगितलं होतं, माग म्हणून. पण एकदा उच्चारतानाच बोउटूची सगळी हिंमत संपली होती. ही हसली तर? सगळ्यांसमोर नाही म्हणाली तर? आणि तेवढ्यात, त्याही घाईत, कुठून तरी ते पातेलं आडवं आलं. एवढी वर्षं मागितलं नाही, ते आता मागायचं? श्वास घ्यायला लागतो तेवढाच वेळ गेला. मोआनेयाने तिचा दंड धरून ओढलं. "वहिनी, आम्हाला उठवलंत नि स्वतः उभ्या काय?"

ती गेली.

डोंगराची वाट कशी चढली ते तिला पुढे कधी आठवलं नाही. मोआनेया पुढे, त्याच्या पाठीचा सदरा तिच्या मुठीत. रताळ्यांच्या मळ्याच्या खालच्या बांधाशी पोचले, आणि खालून आवाज आला. गाज नव्हती ती. ती काय होती याला आमच्या भाषेत तेव्हा शब्द नव्हता.

कोणी म्हणालं, बघू नका. पण सगळ्यांनी पाहिलं. देवळाचं छप्पर माडांच्या मधून चाललं होतं, जणू कोणी ते उचलून घेऊन निघालंय. मोआनेया मटकन खाली बसला. त्याची ती सून पोराला छातीशी घट्ट धरून उलटी करत होती. रुताने बोउटूला विचारलं, "आजी, माझं दप्तर?" आणि मग ती रडायला लागली. त्या दिवशी ती पहिल्यांदा भ्यायली.

बोउटू खाली पाहत होती. थोरला शिंपला होता ती जागा तिला ठाऊक होती. तिथे नुसतं पाणी होतं.

वस्तीतली बरीच माणसं गेली. मुलंही गेली. कोणाकोणाची ते मी सांगत बसणार नाही. ज्यांची गेली त्यांच्या घरी अजून त्यांची नावं कुणी मोठ्याने घेत नाही. झोंगाच्या लोकांपैकी फार थोडी गेली, त्यांच्या आज्यांनी त्यांना सांगून ठेवलं होतं. आमच्या आज्यांनी आम्हाला ओहोटीला टोपली कशी भरायची ते सांगितलं होतं. त्यांचं चुकलं नाही, बेट वेगळं होतं एवढंच.

पुढे महिनाभर डोंगरही अधूनमधून हलायचा. बोउटू झाडाखाली बसायची नाही, झाड पडेल म्हणून. उघड्यावर बसायची नाही, कोणी बघत असेल म्हणून. ताडपत्रीच्या तंबूत दारातच बसून राहायची. मोआनेया तिच्याशी थट्टा करेनासा झाला, म्हणून तिला आणखीच भीती वाटायची. शेवटी तीच एकदा म्हणाली, "भावोजी, माझी मगर वाहून गेली हो."  तो म्हणाला, "पोहता येतं तिला. येईल परत." तेव्हा कुठे तिच्या जिवात जीव आला.

माकेरेताचा नवरा तेबानो त्या सकाळी मासे विकायला शहराच्या बाजारात गेला होता, म्हणून वाचला. दोन दिवसांनी त्याला बायको सापडली, आणि चार दिवसांनी खाजणातल्या चिखलात, पालथं पडलेलं, एका बाजूने चेपलेलं ते बिडाचं पातेलं. ते घेऊन तो वर आला आणि बोउटूच्या पुढ्यात ठेवलं.

"तुझं आहे म्हणायची ती. नुसतं एकदा माग म्हणावं, म्हणायची, लगेच देईन."

बोउटूने पातेलं घेतलं. 

उरलेली सगळी वस्ती वर राहायला आली. तेबानो आला नाही. त्याने जुन्याच जागी चार खांब रोवले, आणि माडाला लोखंडाचा एक तुकडा टांगून ठेवला. "खाली कोणी तरी पाहिजे," तो म्हणाला. "समुद्र मागे गेला तर ठणाठणा वाजवायला."

दुसऱ्या दिवशी सकाळी बोउटूने त्या पातेल्यात रताळी उकडली, वर माशाचा तुकडा ठेवला, फडक्यात बांधलं आणि डोंगर उतरून खाली गेली. एकटी. ही तीच बाई, जी नवऱ्याच्या पाठीला धरल्याशिवाय मळ्यात गेली नव्हती. भीती गेली म्हणाल तर अजिबात नाही. तेव्हापासून रोज जायची नि पावलापावलाला भ्यायची. म्हणून देवळातली गाणी ओरडून म्हणायची. झाडीत जे काही असेल त्याला कळावं की आपण येतोय, आणि त्याने बाजूला व्हावं. वडाच्या वळणावर तर आवाज असा चढायचा की वरच्या घरांत लोक म्हणायचे, "आजी वळणावर पोचली."

खाली पोचली की ती पातेलं तेबानोच्या पुढ्यात ठेवायची, पाण्यापर्यंत जायची आणि सात लाटा मोजायची. मग परत येऊन म्हणायची, "गाज आहे."

"आहे," तेबानो म्हणायचा, आणि खायला लागायचा. खाऊन झालं की पातेलं घासून तिला द्यायचा. ती निघायची.

असं किती वर्षं चाललं? अकरा. पाऊस असो, ताप असो. रुता मोठी झाली तेव्हा म्हणाली, "आजी, मी नेते ना." तर म्हणायची, "नको गं. ही माझी भीती आहे, तू दुसरी शोध."

त्या अकरा वर्षांत मनातलं ती एकदाच बोलली. तेबानो रताळं सोलत होता.

"मी तिला बुबुसी केली नाही," बोउटू म्हणाली. "शब्द तोंडात होता. भावोजींना म्हटलं, तिला नाही म्हटलं."

तेबानोने रताळं सोलून संपवलं. सालं गोळा केली.

"म्हटलं असतं तर आली असती?" तिने विचारलं.  या प्रश्नाला ती वर्षानुवर्षं डोंगरापेक्षा जास्त भ्यायली होती.

"आली असती," तो म्हणाला. आणि रताळ्याचे दोन भाग करत, "पण शिंपला घेऊनच. तो सुटेपर्यंत नाही. तिला ओळखत नाहीस का तू?"

बोउटू रडली. तेबानोने अर्धं रताळं तिच्या हातावर ठेवलं, तिने खाल्लं. दुसऱ्या दिवशी ती नेहमीसारखीच आली. सुटका झाली की नाही ते तिचं तिला माहीत. लाटा मात्र ती त्यानंतरही सातच मोजायची.

तिचा शेवटचा दिवस बुधवार होता. बोउटू तेव्हा सत्तरीला आली होती, रात्री छातीत दुखत होतं हे तिने कुणाला सांगितलं नव्हतं. डॉक्टरचीही भीती होतीच. सकाळी तिने रताळी उकडली, मासा मिळाला नव्हता म्हणून खोबरं किसून घातलं, फडकं बांधलं. मोआनेया दारात बसला होता, त्याला आता नीट दिसत नसे.

"वहिनी, जपून जा. वाटेत तुमची मगर आडवी येईल."

"आली तर तुमच्याकडे पाठवते, भावोजी. बसायला घ्या."

ती गात उतरली. वडाच्या वळणावर आवाज चढला, वरच्या घरातून रुताने तो ऐकला. खाली पोचल्यावर तिने पातेलं ठेवलं, पाण्यापर्यंत गेली आणि सात लाटा मोजल्या.

"गाज आहे."

"आहे. आज मासा नाही वाटतं?"

"रोज रोज मासा कुठला? खोबरं खा."

तेबानोने खाल्लं, पातेलं घासून दिलं. ती परत गात चढली, नेहमीपेक्षा सावकाश, वळणावर नेहमीइतकीच मोठ्याने. घरी आली, चेपलेली बाजू भिंतीकडे करून पातेलं खुंटीला अडकवलं, आणि दुसऱ्या दिवशीची रताळी धुऊन ठेवली.